एक दिवस आधी: असईची लढाई आणि हॉलिवूडचा कर्नल

मागच्या एपिसोडचा हा लेखी मजकूर. बोलताना माझं 'म्हणजे' आणि 'ॲक्च्युअली' जरा जास्तच झालं होतं, ते कापलंय. बाकी बहुतेक तसंच ठेवलंय. गाडीत रेंज जाते म्हणून ऐकता येत नाही अशी तक्रार करणाऱ्या सगळ्यांसाठी हे खास.

तर सुरुवात एका पिक्चरपासून करू. 'फोर्ट अपाची', १९४८ सालचा, ब्लॅक अँड व्हाइट, दिग्दर्शक जॉन फोर्ड. मी तो लॉकडाउनमध्ये फोनवर पाहिला. स्क्रीनला तडा गेलेला होता, त्यामुळे मॉन्युमेंट व्हॅलीच्या त्या भव्य दगडी सुळक्यांमधून एक रेष कायमची गेलेली. तरीही पिक्चर डोक्यातून गेला नाही.

गोष्ट साधी आहे. ओवेन थर्सडे नावाचा अधिकारी. अमेरिकेच्या यादवी युद्धात तो जनरल होता, आता युद्ध संपलं तसा हुद्दा उतरून लेफ्टनंट कर्नल झालाय, आणि सरहद्दीवरच्या एका धुळकट ठाण्यावर त्याची बदली केलीय. हेन्री फोंडानं हा रोल केलाय. हा माणूस आल्यापासून चिडलेला. आपली लायकी मोठी आहे, दिल्लीनं, सॉरी, वॉशिंग्टननं आपल्याला कोपऱ्यात टाकलंय, एक मोठा विजय मिळाला की पेपरात नाव येईल आणि इथून सुटका होईल, एवढंच त्याच्या डोक्यात. त्याच्या हाताखाली कॅप्टन यॉर्क, म्हणजे जॉन वेन. त्याला तिथली माणसं माहीत आहेत, जमीन माहीत आहे. यॉर्क अपाचींचा पुढारी कोचीस याला शब्द देऊन बोलणीसाठी बोलावतो, आणि थर्सडे तो शब्द मोडतो. यॉर्क सांगतो, समोरच्या खिंडीत ते दबा धरून बसलेत. थर्सडे ऐकत नाही. चार-चारच्या रांगा करून घोडदळ खिंडीत घालतो. सगळे मरतात, तोही मरतो.

पण खरा धक्का शेवटी आहे. काही वर्षांनी पत्रकार येतात, थर्सडेच्या त्या हल्ल्याचं मोठं चित्र वॉशिंग्टनमध्ये लागलंय म्हणून कौतुकानं सांगतात, आणि यॉर्क, ज्याला सगळं माहीत आहे तोच यॉर्क, थर्सडेच्या शौर्याची ग्वाही देतो. खोटं पडू देत नाही. वर त्याच्यासारखीच टोपी घालून बाहेर पडतो.

पिक्चर संपला आणि मला मस्तगड आठवला.

आता पुण्या-मुंबईच्या श्रोत्यांसाठी: मस्तगड म्हणजे जालन्यातला भाग. मी तिथलाच. 'जालना सोने का पालना' ही म्हण तुम्ही ऐकली असेल, नसेल तर जालन्याच्या कुठल्याही माणसाला पाच मिनिटं बोलू द्या, तो ऐकवेलच. लोक आम्हाला स्टीलच्या सळया आणि बियाण्यांच्या कंपन्यांवरून ओळखतात. मस्तगड हा मुळात गावाच्या पूर्वेचा किल्ला. १७२५ साली निजाम-उल-मुल्कच्या काळात काबिलखानानं बांधला, चौकोनी, कोपऱ्यांना गोल बुरूज, आत फारसी शिलालेख. लहानपणी आम्हाला त्याचं काही नव्हतं. मस्तगड म्हणजे रिक्षावाल्याला सांगायचा पत्ता.

इंजिनीअरिंगला गेल्यावर एकदा लायब्ररीत वेलिंग्टनचं चरित्र हाती लागलं. वॉटर्लू, नेपोलियन, ते सगळं ओळखीचं. आणि मध्येच नकाशा: जालना, बदनापूर, भोकरदन. मी दोनदा वाचलं. ज्या बदनापूरला आमची एसटी थांबते, तिथे नेपोलियनला हरवणारा माणूस तंबू ठोकून बसला होता! आणि शाळेत कुणी सांगितलं नव्हतं. म्हणजे असईची लढाई एका ओळीत होती हो, सनावळीत, पण ती आपल्या जिल्ह्यात आहे हे काही डोक्यात शिरलं नव्हतं.

हा माणूस तेव्हा वेलिंग्टन नव्हता. आर्थर वेलस्ली, वय ३४, हुद्दा मेजर जनरल, आणि सगळ्यात महत्त्वाचं म्हणजे गव्हर्नर जनरलचा धाकटा भाऊ. वशिला हा शब्द इथे चपखल बसतो. १७९९ मध्ये श्रीरंगपट्टण पडलं तेव्हा तटावर हल्ला नेला डेव्हिड बेअर्ड या अधिकाऱ्यानं. हा बेअर्ड पूर्वी म्हैसूरकरांच्या कैदेत साडेतीन वर्षांहून जास्त सडलेला. शहर जिंकलं त्यानं आणि कारभार मिळाला वेलस्लीला. बेअर्ड आयुष्यभर ते विसरला नाही. त्याच मोहिमेत महिनाभर आधी सुलतानपेठच्या झाडीत रात्रीच्या हल्ल्यात वेलस्लीची पार फजिती झाली होती, अंधारात माणसं चुकली, तो स्वतः हात हलवत परत आला. म्हणजे लोकांच्या नजरेत हा कोण? भावाच्या जिवावर वर चढलेला, एक फसलेला हल्ला नावावर असलेला पोरगा. त्यानं १८०० मध्ये धोंडिया वाघचा पाठलाग करून कोनगळला स्वतः घोडदळाचा हल्ला नेऊन त्याला संपवलं, पण ती बंडखोराची शिकार झाली. मोठी लढाई बाकी होती.

मला वाटतं थर्सडे आणि वेलस्लीला एका खोलीत बसवलं असतं तर त्यांचं चांगलं जमलं असतं.

ती मोठी लढाई कशी आली ते भरभर सांगतो. १८०२च्या दिवाळीत यशवंतराव होळकरांनी पुण्याजवळ पेशवे आणि शिंदे यांच्या फौजेचा पराभव केला. दुसरा बाजीराव पळाला आणि ३१ डिसेंबर १८०२ रोजी वसईला इंग्रजांशी तह करून बसला. मे १८०३ मध्ये वेलस्लीनं त्याला पुण्यात परत गादीवर बसवलं. दौलतराव शिंदे आणि नागपूरचे रघूजी भोसले यांना हे मान्य होणं शक्य नव्हतं. ऑगस्टमध्ये युद्ध लागलं. वेलस्लीनं १२ ऑगस्टला अहमदनगरचा किल्ला घेतला. तोवर शिंदे-भोसल्यांची फौज अजिंठ्याच्या घाटानं खाली उतरून निजामाच्या मुलखात, जालन्याकडे आली होती. कर्नल स्टीव्हन्सन नावाचा दुसरा अधिकारी निजामाकडची तैनाती फौज घेऊन आला आणि २ सप्टेंबरला त्यानं जालन्याचा किल्ला जिंकला. आमच्या पत्त्याचा आंतरराष्ट्रीय इतिहासात आलेला उल्लेख तो एवढाच, एका ओळीचा. असो.

त्यानंतर तीन आठवडे नुसता लपंडाव. मराठी घोडदळ हलकं, आज इथे तर उद्या तिथे. पावसाळ्याचा शेवट, काळी माती, बैलांच्या गाड्या रुतणाऱ्या. आमच्याकडच्या काळ्या रानात सप्टेंबरमध्ये जो चालला असेल त्याला मी काय म्हणतोय ते कळेल, चप्पल पायात राहत नाही.

२१ सप्टेंबरला वेलस्ली आणि स्टीव्हन्सन बदनापूरला भेटले. ठरलं असं: मध्ये डोंगरांची रांग आहे, दोघांनी तिच्या दोन बाजूंनी जायचं, वेलस्ली पूर्वेकडून आणि स्टीव्हन्सन पश्चिमेकडून, आणि २४ तारखेला एकत्र येऊन भोकरदनजवळच्या शिंद्यांच्या छावणीवर तुटून पडायचं. तारीख लक्षात ठेवा. २४.

२३ तारखेला सकाळी चौदा मैल चालून वेलस्ली नळणीला पोचला. छावणी टाकायची तयारी चालू. तेवढ्यात बातमी आली की मराठी फौज भोकरदनला नाही, पाच-सहा मैलांवरच आहे, केळणा आणि जुई या नद्यांच्या बेचक्यात. वर हेही कळलं की घोडदळ निघून गेलंय आणि पायदळ निघण्याच्या बेतात आहे. स्टीव्हन्सन लांब होता. थांबलो तर हे पुन्हा हातचे जाणार. वेलस्लीनं छावणीचं सामान मागे ठेवलं आणि आजच लढायचं ठरवलं.

पुढे गेला, टेकाडावरून पाहिलं. कुणी कुठे गेलेलं नव्हतं. सगळी फौज समोर पसरलेली. घोडदळ ३० ते ४० हजार. त्यांच्या डाव्या हाताला शिंद्यांच्या कवायती पलटणी, साधारण ११ हजार, हॅनोव्हरचा पोलमन नावाचा अधिकारी त्यांचा प्रमुख. त्यात बेगम समरूच्याही पलटणी. तोफा शंभराच्या आसपास. वेलस्लीकडे लढाईच्या रांगेत उभे करायला साधारण साडेचार हजार माणसं. त्याशिवाय म्हैसूरचे आणि पेशव्यांचे स्वार होते, पण ते मागे, शत्रूच्या घोडदळावर नजर ठेवायला. हो, पेशव्यांचे. मराठे दोन्ही बाजूंना होते. पुढे १८१८ मध्ये आष्टीला इंग्रजांशी लढता लढता पडलेले बापू गोखले १८०३च्या मोहिमेत वेलस्लीच्या सोबत होते. 'आपले विरुद्ध त्यांचे' असं सरळ चित्र काढायला गेलात की हे असं मध्ये येतं.

समोरून केळणा ओलांडणं म्हणजे तोफांच्या तोंडी जाणं. वाटाड्यांना विचारलं, दुसरा उतार आहे का? ते म्हणाले, नाही. वेलस्लीनं दुर्बिणीतून पाहिलं तर खाली नदीच्या दोन काठांवर अगदी समोरासमोर दोन गावं. इंग्रजी कागदांत पीपलगाव आणि वरूर, म्हणजे आपलं पिंपळगाव आणि वरूड. त्यानं विचार केला की दोन गावं इतकी जवळ आहेत, तर लोक येत-जात असणारच, म्हणजे उतार असणारच. माणूस पाठवला, उतार होता! म्हातारपणी तो हा किस्सा मोठ्या हौसेनं सांगायचा.

मला हा किस्सा खूप आवडतो आणि थोडा त्रासही देतो. आवडतो कारण तर्क सुंदर आहे. त्रास यासाठी की त्या तर्काचा अर्धा भाग आपल्याच लोकांच्या पायवाटांवर उभा आहे. पिंपळगावच्या बाया वरुडाला जात असतील, बैल नेत असतील, माहेर-सासर असेल. शंभर वर्षांच्या येण्याजाण्यानं जो उतार झाला, त्यावरून त्या दुपारी तोफा गेल्या. आणि शिंद्यांच्या बाजूनं त्या उतारावर पहारा ठेवायचं कुणाला सुचलं नाही.

उतरताना पहिलाच तोफगोळा वेलस्लीच्या जवळच्या स्वाराचं डोकं उडवून गेला. ते धड घोड्यावर तसंच काही वेळ बसून राहिलं म्हणतात. वेलस्ली पलीकडे गेला आणि त्याला वाटलं, आता आपण शत्रूच्या बगलेवर आहोत. पण पोलमनच्या पलटणींनी, ज्या अशा वेळी गोंधळतील अशी त्याची खात्री होती, शांतपणे अख्खी रांग फिरवून त्याच्याकडे तोंड केलं. डावं टोक जुईच्या काठी असई गावावर, उजवं केळणेवर. कवायत इतकी चोख की तो थक्कच झाला.

मग जे झालं ते तीन तासांचं आहे. साधारण तीनला सुरू, सहापर्यंत संपलं. दक्षिणेकडे ७८वी हायलँडर पलटण तोफांवर चालून गेली, गोलंदाज जागचे हलले नाहीत, तोफेशेजारी उभे राहून संगिनींनी मेले. उत्तरेकडे घोटाळा झाला. ऑरॉक नावाच्या अधिकाऱ्याला सांगितलं होतं की असई गावाच्या माऱ्यापासून लांब राहा. तो सरळ गावाकडेच निघाला. त्याच्या मागे ७४वी पलटण. गावातून आणि तोफांमधून असा मारा झाला की ७४वी जवळपास संपली. उरलेले लोक पडलेल्यांच्या राशींची आडभिंत करून उभे होते, आणि आता मराठी घोडेस्वार त्यांच्यावर आले.

इथे येतो आपला घोडदळाचा अधिकारी. कर्नल पॅट्रिक मॅक्सवेल. १९वी लाइट ड्रॅगून्स आणि मद्रासच्या ४थ्या आणि ५व्या नेटिव्ह कॅव्हलरीसह तो घुसला. हॉलिवूडमध्ये बिगुल वाजतो आणि घोडदळ येतं ना, अगदी तस्सं. ७४वीचे उरलेले लोक वाचले. पण घोडदळ एकदा सुटलं की थांबत नाही, ते तसंच जुई ओलांडून पार गेलं आणि गोळा करून परत आणावं लागलं.

तोवर एक विलक्षण गोष्ट झाली होती. मघाशी जे गोलंदाज मेले असं समजून इंग्रजांची रांग पुढे गेली, त्यातले कित्येक मेलेच नव्हते. ते उठले, तोफा उलट्या फिरवल्या आणि पाठीमागून मारा सुरू केला. वेलस्लीला ७८वी पलटण आणि मद्रासची ७वी नेटिव्ह कॅव्हलरी घेऊन स्वतः मागे यावं लागलं, तोफा दुसऱ्यांदा घ्याव्या लागल्या. या गडबडीत त्याच्या डायमेड नावाच्या आवडत्या घोड्याला भाला लागला. आधीचा एक घोडा गोळीनं गेला होताच. या गोलंदाजांपैकी एकाचंही नाव मला कुठे मिळालं नाही. घोड्याचं नाव मिळालं.

शेवटी पोलमनच्या पलटणी जुईला पाठ लावून पुन्हा उभ्या राहिल्या. मॅक्सवेलला पुन्हा हल्ला करायला सांगितलं. या हल्ल्यात तो पडला. एक वर्णन असं आहे की छर्रा लागल्यावर वेदनेनं त्याचा हात वर गेला आणि मागच्या स्वारांना वाटलं, थांबायचा इशारा आहे. हल्ला बाजूला वळला आणि फुसका ठरला. पण तोवर त्या पलटणींनाही पुरे झालं होतं, त्या नदीपार निघाल्या. प्रचंड मोठं मराठी घोडदळ दिवसभर जवळजवळ बघत राहिलं. शिंदे आणि भोसले दोघेही तोवर निघून गेले होते. आणि पाठलाग करायला वेलस्लीकडे ताकद उरली नव्हती.

हिशोब: कंपनी सरकारच्या बाजूचे ४२८ ठार, ११३८ जखमी, १८ बेपत्ता. लढलेल्यांपैकी एक तृतीयांशाहून जास्त. मराठी बाजूचे साधारण ६ हजार ठार-जखमी असा अंदाज, त्यात मेलेले १२००च्या आसपास. ९८ तोफा इंग्रजांच्या हाती लागल्या. रात्री वेलस्ली गुडघ्यांत डोकं घालून बसला होता म्हणतात. झोप लागली तरी दचकून जागा व्हायचा आणि वाटायचं की आपले सगळे मित्र गेले. स्टीव्हन्सन ठरल्याप्रमाणे दुसऱ्या दिवशी, २४ला संध्याकाळी पोचला. त्याच्याबरोबरच्या डॉक्टरांना लगेच काम मिळालं.

आता अमेरिकेत जाऊ, कारण फोर्ट अपाचीचा थर्सडे ज्याच्यावरून घडवलाय असं सगळे मानतात, तो माणूस म्हणजे जॉर्ज आर्मस्ट्राँग कस्टर. वेस्ट पॉइंटच्या १८६१च्या वर्गात शेवटचा नंबर, तेविसाव्या वर्षी यादवी युद्धात जनरलचा मान, मग युद्ध संपल्यावर हुद्दा खाली, एकदा कोर्ट मार्शल. त्याच्यावर तर १९४१ मध्ये 'दे डाइड विथ देअर बूट्स ऑन' नावाचा पिक्चर आला, एरॉल फ्लिनचा. त्यात तो सरळ हिरोच आहे, इतिहास पार धाब्यावर.

१८७६च्या जूनमध्ये माँटानात लिटल बिगहॉर्न नदीकाठी लाकोटा आणि शायान लोकांचं मोठं गाव होतं. कस्टरची तुकडी एका बाजूनं येणार, जनरल टेरीची दुसरीकडून, आणि साधारण २६ जूनला दोघे त्या भागात पोचणार, असा बेत. २५ तारखेला कस्टरला वाटलं की आपण दिसलोय, आता गाव उठून पांगणार. तो थांबला नाही. आपले सहाशेच्या आसपास लोक वाटून टाकले आणि हल्ला केला. त्याच्याबरोबरचे सुमारे २१० जण, तो स्वतः धरून, सगळे मेले. टेरी २७ला पोचला आणि त्यांना पुरलं.

दोन्ही प्रसंग शेजारी ठेवा. दोन तुकड्या, ठरलेली तारीख, एक दिवस आधी गाठ, शत्रू निसटेल ही भीती, दुसऱ्याची वाट न बघता हल्ला. आकड्यांच्या बाबतीत वेलस्लीची अवस्था कस्टरपेक्षा चांगली होती असंही नाही. समोर शंभर तोफा होत्या. कस्टरसमोर एकही नव्हती.

फरक होता, नाही असं नाही. वेलस्लीची पलटण शिस्तीत होती, त्यानं बगल शोधली, माणसं वाटून न टाकता एकत्र ठेवली, आणि समोरचे दोन राजे निघून गेले. क्रेझी हॉर्स निघून गेला नाही. पण ऑरॉकसारखी आणखी एक चूक झाली असती तर? तो गोळा दोन हात अलीकडे आला असता तर? मग जालना जिल्ह्यात एक गव्हर्नर जनरलचा महत्त्वाकांक्षी भाऊ गाडलेला असता आणि शाळेत आपण त्याची एक ओळही वाचली नसती.

त्या काळीही हे लोकांना दिसत होतंच. थॉमस मन्रो, हा कंपनीतला फार हुशार माणूस, त्यानं पत्रातून शंका काढल्या, एवढी घाई कशाला, स्टीव्हन्सनसाठी का थांबला नाहीत. वेलस्लीनं १ नोव्हेंबर १८०३ ला त्याला लांबलचक उत्तर लिहिलं, नदी, उतार, बातमी, सगळं. मी ते वाचताना हसलो. आमच्याकडे प्रॉडक्शनला गडबड झाली की दुसऱ्या दिवशी जे डॉक्युमेंट लिहावं लागतं, अगदी तोच सूर. माझ्याकडे तेव्हा जी माहिती होती त्यावरून हाच निर्णय बरोबर होता, वगैरे. ऑरॉकबद्दल मात्र तो सभ्यपणे लिहितो, की चुकीचे परिणाम वाईट झाले पण त्याच्याइतक्या भयंकर माऱ्यात माणसं नेणं सोपं नाही. माझ्या काही मॅनेजरांपेक्षा बरा.

हे सांगताना मला माझीच एक गोष्ट सांगितली पाहिजे, नाहीतर मी उगाच न्यायाधीश होतो. तीन वर्षांपूर्वी मी एका कंपनीत होतो. रिलीज मंगळवारी ठरलेला, टेस्टिंगची दुसरी टीम सोमवारी रात्री रिपोर्ट देणार होती. मी सोमवारी दुपारीच कोड टाकून दिला. क्लायंट हातातून जाईल असं वाटलं, आणि खरं सांगायचं तर अप्रेझलही तोंडावर होतं. चाललं. मला 'ओनरशिप'चं सर्टिफिकेट मिळालं, आईनं ते टीव्हीच्या वर ठेवलंय. चार महिन्यांनी माझ्या शेजारी बसणाऱ्या मित्रानं तेच केलं, अगदी तेच, त्याला वाटलं मला जमलं तर त्याला का नाही. त्याचं नाही चाललं. तो आता दुसरीकडे आहे. त्याला मी हा एपिसोड पाठवलाय, अजून ब्लू टिक आलेली नाही.

वेलस्लीचं सर्टिफिकेट मोठं होतं. पुढे २९ नोव्हेंबरला आडगाव, १५ डिसेंबरला गाविलगड, मग देवगाव आणि सुर्जी-अंजनगावचे तह. सुर्जी-अंजनगावच्या तहात शिंद्यांनी अजिंठ्याच्या डोंगराच्या दक्षिणेचा मुलूख सोडला, त्यात जालनाही गेलं, आणि ते निजामाकडे राहिलं. वेलस्ली भारतातून गेला तेव्हा त्याच्याकडे बक्षिसांच्या वाट्यातून आलेले सुमारे ४२ हजार पौंड होते. नेपोलियन त्याला हेटाळणीनं 'शिपायांचा जनरल' म्हणायचा, १८१५ला वॉटर्लूत त्याचं उत्तर मिळालं. पण म्हातारपणी कुणी विचारलं, लढाईत तुमच्या हातून झालेलं सगळ्यात चांगलं काम कोणतं, तर त्यानं वॉटर्लू म्हटलं नाही. एक शब्द म्हणाला: असई.

इकडे त्या पट्ट्यात काय झालं? १८०३-०४ला दख्खनमध्ये भीषण दुष्काळ पडला. फौजांनी खाल्लेली रानं आणि न आलेला पाऊस. त्याचं चित्र कुणी काढलं नाही.

चित्रावरून आठवलं. कस्टरच्या शेवटच्या लढाईचं एक चित्र एका बिअर कंपनीनं छापून अमेरिकेतल्या गुत्त्यागुत्त्यात लावलं. लोकांच्या डोक्यातला कस्टर बराचसा तिथून आला. त्याची बायको एलिझाबेथ त्याच्यानंतर सत्तावन्न वर्षं जगली आणि त्याच्या मोठेपणाची पुस्तकं लिहीत राहिली. असईचं असं चित्र म्हणजे हत्ती. लढलेल्या पलटणींना मान म्हणून निशाणावर हत्ती मिळाला. आणि आता गंमत ऐका. आपल्या भारतीय सैन्याच्या मद्रास रेजिमेंटचं चिन्ह पाहा, टोपीवर. ढाल, दोन तलवारी, आणि हत्ती. तो असईचाच हत्ती. कारण मॅक्सवेलच्या मागे, ऑरॉकच्या मागे, ७८वीच्या शेजारी जे सगळ्यात जास्त संख्येनं होते ते मद्रासचे शिपाई. दुसरीकडे भारतीय सैन्यानं 'असई' हा युद्धसन्मान अशा यादीत टाकलाय की जे सन्मान साजरे करायचे नाहीत, कारण ते आपल्याच लोकांविरुद्ध मिळालेले आहेत. म्हणजे हत्ती टोपीवर आहे, पण त्या दिवसाची परेड नाही. मला हे चुकीचं वाटत नाही. त्या शिपायानं शौर्य तर दाखवलंच होतं, हत्ती त्याचा आहे. विजय कुणाचा, हा प्रश्न वेगळा. कॅप्टन यॉर्कला हे जमलं नाही. त्यानं शिपायांची आठवण राखण्यासाठी थर्सडेचं चित्रही खरं मानून टाकलं.

गेल्या दिवाळीत मी मामेभावाला गाडीवर मागे घेऊन असईला गेलो. भोकरदनपर्यंत रस्ता बरा, पुढे कंबर बोलते. कपाशी फुटलेली, मक्याची कणसं रस्त्यावरच वाळत घातलेली. असई म्हणजे साधं गाव आहे. आम्ही केळणेच्या काठावर उभं राहून फोनवर जुना नकाशा उघडून तो उतार शोधत होतो. एक बाबा बैल घेऊन आले.

"कुठले म्हणायचे तुम्ही?"

"जालन्याचे, बाबा. मस्तगड."

"मग इकडं काय हरवलं?"

मी सांगितलं, लढाईची जागा बघतोय, इंग्रज इथून कुठून तरी नदी उतरले होते. त्यांनी माझ्या फोनकडे पाहिलं नाही. हातातल्या काठीनं खालच्या अंगाला दाखवलं.

"उतार तिकडं आहे. इथं गाळ आहे, गाडी घालू नका."